शेंडे आलं, शेंडे गेले

७ ऑक्टोबर, सोमवार
बीपी १६२/१००

ही वही दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईनं लिहाले लावली. म्हणे, "पंचफुलाबाई, रोज बीपी मोजायचं, आकडा लिहायचा, आणि राग आला असेल तर कशाचा आला तेही लिहायचं." मी म्हणलं, एवढी मोठी वही कुठं भेटते? बाई हासली. मी हासण्यासारखं काई बोलली नव्हती.

मी सातवीत शाळा सोडली. तेव्हापासून लिहिणं म्हणजे आपल्या हॉटेलची पाटी. तर्री पोहा, आलुबोंडा, चहा. खडूनं लिहाचं, संध्याकाळी पुसाचं. पण बीपीची मशीन आचलनं आणून देल्ली, तिच्या जिवाले बरं वाटावं म्हून लिहून राह्यली. आचल माह्यी एकुलती एक पोरगी. सावंगीले नर्स आहे, तिथंच राहते. इकडं कारंज्याले, मोठ्या रोडच्या कडेले, समोर हॉटेल अन मागं घर. घरात मी अन मामंजी. मामंजी म्हणजे माहे सासरे सदाशिवराव झाडे. वय सत्त्याऐंशी, दोन्ही कान गेले, आवाज पुरा शाबूत. नवरा जाऊन नऊ वर्ष झाले.

आजचा राग: एका ट्रकवाल्यानं इचारलं, "मावशी, पोहा सकाळचा आहे का?" म्हणलं, "पोहा सकाळचाच हाय. तू कालचा दिसून राह्यला." तो चहा न पेता गेला. गेला तं गेला.

९ ऑक्टोबर, बुधवार
१५८/९८. कारण नलू.

नलू माह्यी नणंद, आष्टीले राहते. फोन केला की पहिले बराच वेळ नुसती हासते. आज हासत हासत म्हणे, "वहिनी, आचलसाठी पोरगा हाय. शेंड्याचा दुर्गेश. तुमच्या कारंज्यातच लाईनमन हाय. तुम्ही झाडे, ते शेंडे. झाडाले शेंडा भेटला की नाई!" हे तिनं तीनदा म्हणलं. तिसऱ्यांदा मी फोन कानापासून दूर धरला.

बाप ताराचंद शेंडे, एसटीत बत्तीस वर्ष कंडक्टर, आता रिटायर. माय आनंदाबाई. घर आष्टीले, चांगलं. पोरगा मागच्या वर्षी खांबावरून पडला, हात मोडला, वीस दिवस सावंगीले भरती होता, आता ठणठणीत.

म्हणलं, "खांबावरून पडणारा लाईनमन काय कामाचा?"

"वहिनी, एकदाच पडला ना बिचारा!"

आचलले फोन लावला. भांडाची तयारी करूनच लावला, कारण मागच्या दोन पोराईच्या वेळी तिनं माहं बोलणं पुरं व्हायच्या आधी फोन ठेवला होता. या वेळी मी नुसतं "शेंड्याचा" म्हणलं, तं तिकडून, "तू म्हणशील तसं, आई." चोवीस वर्षात पहिल्यांदा. म्हणजे मी जे शिकवलं ते कुठं तरी जमा होत होतं.

मंग म्हणे, "पाहुणचाराले वांग्याची भाजी करू नको. ते वांगं खात नाईत."

"तुले कसं माईत?"

"नावावरून वाटलं."

शेंडे नावात वांगं कुठं बसते ते मले समजलं नाई. शिकलेल्या लोकाईले समजत असन.

१२ ऑक्टोबर, दसरा
१५०/९४

आचल आली, आठ-दहा दिवसाची सुट्टी काढून. सोनं वाटून झालं अन ते मोबाईल घेऊन गच्चीवर पळाली. म्हणे, "आई, धूमकेतू निघाला आहे. दिवस बुडाला की पश्चिमेकडं पाहाचं, नुसत्या डोळ्यानं दिसते. आता गेला की ऐंशी हजार वर्ष येत नाई म्हणतात." म्हणलं, येऊ नको म्हणा, मले उद्याचे आलू उकडाचे हायेत.

मामंजीच्या कानाशी तोंड नेऊन ओरडली, "शेपटीचा तारा निघाला!" मामंजी बाजेवर ताडकन उठून बसले. "शेंडेनक्षत्र?"

हा शब्द मी लहानपणी माह्या आजीच्या तोंडून ऐकला होता, मंग आजच. जुने लोक धूमकेतूले शेंडेनक्षत्र म्हणतात. शेंडा निघालेलं नक्षत्र.

मामंजी सुरू झाले. "पासष्टात निघालतं. पहाटे. इथून तिथवर शेपूट! त्या साली पाणी नाई आलं, माहा पाखऱ्या बैल मेला, बंडीचं चाक मोडलं, अन माहं लगन झालं."

"लगन त्यात कायले मोजता?" मी ओरडून इचारलं.

"सांगितलं ना, वाईट साल होतं."

भिंतीवर सासूबाईचा, रुख्मिणीबाईचा, फोटो आहे. मी त्याच्याकडं पाह्यलं. फोटो काई बोलला नाई. जिवंत असत्या तं बोलल्या असत्या.

आज आभाळ धुरकट होतं. काई दिसलं नाई.

१३ ऑक्टोबर, रविवार
१४८/९२

दिसलं. आचलनं हात धरून गच्चीवर नेलं. खाली, तांबड्या आभाळात, पाटी पुसल्यावर खडूचं बोट राहून जाते ना, तसं. मी म्हणलं, एवढ्यासाठी मले वर आणलं? खाली आली तवा आलू शिजून शिजून फुटले होते, पाणी आटून गंजाच्या बुडाले लागले होते. गॅस मोठा राह्यला असन.

नलूचा फोन. उद्या सहा वाजता शेंड्याकडचे पाहाले येतात. पाच जण.

१४ ऑक्टोबर, सोमवार
रात्री १८४/११०. दोनदा मोजलं. दुसऱ्यांदा जास्तच आलं.

क्रमानं लिहिते, म्हणजे डॉक्टरीणबाईले समजन.

सहाचे साडेसहा झाले. मामंजी हॉटेलसमोर बाजेवर, तोंड पश्चिमेकडं. रोडच्या पलीकडच्या पानठेलेवाल्याले आभाळ दाखवून राह्यले. मामंजी जवळच्या माणसाशी बोलले तरी पलीकडच्या गावाले ऐकू जाते, अन हा तं रोडच्या पलीकडं. तेवढ्यात आष्टीकडून दोन गाड्या आल्या अन बाजेसमोरच थांबल्या. अन नेमके मामंजी ओरडले,

"ते पाय! आलं शेंडे! डोकं इतकुसं, पण मागं शेपूट पाय केवढं! अन जिथं येते तिथं वाटोळं करूनच जाते!"

गाडीतून ताराचंदभाऊ उतरून उभे होते. बारीक माणूस, पांढरी टोपी, टोपीखाली डोकं खरंच लहान. मागून एक एक करत अकरा जण उतरले.

मी धावली. "या भाऊ, बसा. ते तुम्हाले नाई म्हणत. ते शेंडेले म्हणून राह्यले."

"मी शेंडेच हाय," भाऊ म्हणाले.

आचल मधात पडली. "काका, आबाजी ताऱ्याबद्दल बोलत होते."

"घरी मले ताराच म्हणतात."

मी आभाळाकडं बोट केलं. तेवढ्यात चौकातला हायमास्ट लागला अन सगळं पांढरंफक. बोटासमोर फक्त दिवा अन दिव्याभोवतीचे किडे. ताराचंदभाऊनं किड्याईकडं पाह्यलं, मंग माह्याकडं पाह्यलं.

तरी बसले. चहा आला. भाऊनं मामंजीले सरळच इचारलं, "बाबाजी, माह्या येण्यानं काय वाटोळं होते?" मामंजीले फक्त 'येण्यानं' ऐकू गेलं. म्हणाले, "येऊ द्या हो! आठ-दहा दिवसात आपोआप जाते. मंग ऐंशी हजार वर्ष तोंड नाई दाखवत. सुटलो!"

भाऊनं कप खाली ठेवला. "बत्तीस वर्ष एसटीत काढले. भरल्या गाडीत लोकाईनं मले काय काय म्हणलं असन. पण डोकं अन शेपूट कोणी नाई काढलं. माह्या सोयऱ्याले शेपूट!"

इथं मी गप्प राहाले पाहिजे होतं असं आचलचं म्हणणं आहे. मी एवढंच म्हणलं, "पाच सांगून बारा आणले, तं मागं शेपूटच दिसन. अन डोकं लहान हाय तं लहानच दिसन, त्यात मामंजीचं काय चुकलं?"

गेले. बाराच्या बारा. चाळीस आलुबोंडे तसेच. पोरगा दुर्गेश सगळ्याईच्या मागून निघाला, जाता जाता एक उचलून खाल्ला, अन म्हणे, "सांगितलं होतं तसाच आहे, काकू." नलूनं सांगितलं असन. नलू सगळीकडं माह्या आलुबोंड्याचं सांगते.

१५ ऑक्टोबर, मंगळवार
१७८/१०४

रागाचं कारण: काई नाई. मशीन बिघडली असन.

मले काय. उलट बरंच झालं. पोरगी सुट्टीत आपल्या घरी येत राहीन. शेंडे काय, दुसरे भेटतीन.

आचल जेवली नाई. म्हणलं, कालचे आलुबोंडे गरम करून देते. ते उठून आत गेली.

१६ ऑक्टोबर, कोजागिरी
१७०/१००

दूध आटवलं. आचल हलवत होती. तिच्या डोळ्यात पाणी. इचारलं तं म्हणे, कांदा. दुधात कांदा कुठून आला?

मामंजी दोन पेले पेले अन म्हणे, "चंद्र लय मोठा हाय, शेंडे दबून गेलं." मी म्हणलं, तुम्ही ते नाव घेऊ नका. त्याईले ऐकू नाई गेलं. पुन्हा घेतलं.

१७ ऑक्टोबर, गुरुवार
१७४/१०२. कारण पुन्हा नलू, पण आज तिचा दोष नाई.

नलू आज हासलीच नाई. ताराचंदभाऊ आष्टीभर सांगून राह्यले म्हणे, की कारंज्याच्या झाड्याईनं रोडवर उभं करून आमची इज्जत काढली. अन सोमवारी आर्वीची पोरगी पाहाले चालले. तिथं जमलं तं तिथंच.

मी आचलले सांगितलं. म्हणलं, घे, सुटली तू. तं ते पटकन भांडे घासाले बसली. सगळे भांडे घासलेलेच होते. तेच पुन्हा घासले.

तीन दिवस झाले, ही पोरगी धड जेवली नाई. नर्सनं असं करू नये. लोकाईले काय सांगन मंग? तर मी ठरवलं, उद्या आष्टीले जाते अन चुकलं म्हणून येते. सोपं काम आहे. मी आजवर केलं नाई एवढंच. नवऱ्यालेही कधी म्हणलं नाई. त्यानं मागितलंच नाई कधी. मागितलं असतं तं म्हणलं असतं.

१८ ऑक्टोबर, शुक्रवार
सकाळी मोजलं नाई. संध्याकाळी १६६/१००

पेपरात धूमकेतूचा फोटो आलता, तो कापून घेतला. गाडीत बसल्या बसल्या सवय करत होती, हळूच. चुकलं. चुकलं भाऊ. शेंडेभाऊ, चुकलं. बाजूची बाई म्हणे, "काय चुकलं व? आष्टीचीच गाडी हाय ना ही?" अन ते घाबरून कंडक्टरले इचाराले उठली.

शेंड्याचं घर गल्लीच्या तोंडाशी. भाऊ ओसरीत खुर्चीवर. या म्हणाले नाईत, पण उठूनही गेले नाईत. मी पाठ केलेलं सगळं विसरली. तोंडातून निघालं, "भाऊ, तुमचं डोकं काई एवढं लहान नाई."

"बाई, तुम्ही पुन्हा डोक्यावरच आल्या."

मी पेपर पुढं केला. त्याईनं चष्मा लावून, तिकीट तपासावं तसं वरून खालून वाचलं. "धूमकेतू लिहिलंय. यात शेंडे कुठं हाय?"

समोरच्या ओट्यावर अनुसयाबाई म्हणून नव्वद वर्षाची बुढी तांदूळ निवडत होती. मी ओसरीतूनच इचारलं, "आजी, शेपटीच्या ताऱ्याले काय म्हणत होते तुमच्या वेळी?"

"शेंडेनक्षत्र," बुढी म्हणे. "काऊन व माय, निघालं काय?"

मी भाऊकडं पाह्यलं. झालं की नाई काम! पण बुढी थांबली नाई. "ते निघालं की राजा मरते. माह्यी माय सांगे. कॉलरा येते, जनावरं मरतात, घरं बसतात."

भाऊचं तोंड उतरलं. "म्हणजे शब्द खरा हाय. आमच्या नावानं राजे मरतात."

हे माह्या ध्यानातच आलं नव्हतं. शब्द खोटा निघाला असता तं तेवढी इज्जतच गेली असती. खरा निघाला तं हे त्याहून वाईट झालं.

आनंदाबाई दारात उभ्या होत्या, पदर तोंडाशी. म्हणाल्या, "मले या घरात येऊन तीस वर्ष झाले. एकही राजा मेला नाई. एक लाईनमन पडला, तोही उठला."

भाऊ हासले नाईत. पेपरातला फोटो पुन्हा डोळ्याजवळ नेला. मंग म्हणे, "मले पाहाचं हाय. माह्या नावाचं आभाळात काय लटकून राह्यलं ते माह्या डोळ्यानं पाहीन. तुम्हाले दाखवता येईन काय?"

"रविवारी या," मी म्हणलं.

"रविवारी चतुर्थी हाय," आनंदाबाई म्हणाल्या. "मले चंद्र निघेपर्यंत उपासच हाय. तिथं गच्चीवर बसू. आर्वी सोमवारी हाय, त्याचं पाह्यलं जाईन."

परत येताना ध्यानात आलं, चुकलं म्हणाचं राहूनच गेलं.

१९ ऑक्टोबर, शनिवार
१६४/९८

संध्याकाळी गच्चीवर जाऊन पाह्यलं. काईच नाई. हायमास्टच्या उजेडात आपला हात दिसते, तारा कुठून दिसन? आचल म्हणे धूमकेतू रोज थोडा थोडा फिक्का होऊन राह्यला. अंधार असला तं उद्या दिसन. चंद्र साडेआठच्या आधी निघत नाई. पण तो दिवा!

मी म्हणलं, एक गोटा मारून फोडते. आचल म्हणे, "आई, काई फोडू नको, मी पाहते काय होते ते," अन पाण्याच्या टाकीमागं जाऊन अर्धा तास फोनवर बोलली. दवाखान्याचा फोन म्हणे. सुट्टीतही सोडत नाईत पोरीले. परत आली तं हासत आली. कोणी पेशंट बरा झाला असन.

रात्री दोन पोळ्या खाल्ल्या तिनं.

२० ऑक्टोबर, रविवार

आकडा शेवटी लिहिते.

वरण, भात, आलूची भाजी, तळलेले मोदक. वांगं नाई. दोघंच आले, भाऊ अन आनंदाबाई. शेपूट आणलं नाई. हे मी मनातच म्हणलं, वहीत लिहून ठेवते, डॉक्टरीणबाईनं पाहावं. दुर्गेश ड्यूटीवर आहे म्हणे.

सगळे गच्चीवर. मामंजीले खुर्चीवर बसवून वर आणलं अन आचलनं त्याईच्या तोंडात मोठा पेढा घालून देल्ला. दात नाईत, एक पेढा बराच वेळ पुरते.

पावणेसातले भाऊ म्हणे, "हेच काय? चमकदार हाय. छान हाय. पण शेपूट कुठं हाय?"

"ते शुक्र हाय," आचल म्हणाली.

"बरं." भाऊनं चष्मा पुसला. पुन्हा पाह्यलं. हायमास्ट आपला भकभक उजेड टाकून राह्यला. "बाई, काई नाई दिसून राह्यलं. आनंदा, खाली बसू चल." हे म्हणताना चिडले असते तं मले बरं वाटलं असतं. ते चिडले नाईत. आपल्या नावाचं काईच नाई म्हणल्यावर माणूस जसा होते तसे झाले. जिन्याकडं वळले.

मी आचलकडं पाह्यलं. ते घड्याळ पाहून राह्यली होती. ओठ दाबून. तवा मले समजलं की पोरगी किती भ्याली आहे. अन मले वाटलं, आता ह्या माणसाले हात धरून बसवावं.

तेवढ्यात लाईट गेले. हायमास्ट, दुकानं, पेट्रोलपंप, सगळं कारंजा एका झटक्यात. मी लाईनवाल्याईले मोठ्यानं शिवी हासडली. ऐन टायमाले! मंग आठवलं की पोरगा लाईनमन आहे, मंग अर्धीच सोडली.

"आई, चूप. काका, तिथंच थांबा. वर पाहा. शुक्राच्या वर, उजव्या हाताकडं."

आधी काई नाई. मंग डोळे अंधाराले सरावले. मंग दिसलं. फिक्कं होतं, पण लांब. खाली बारीक ठिपका, अन त्यातून वर, तिरपं, वर वर गेलेलं. फुंकर मारली तं पुसून जाईन असं. पण जात नव्हतं.

भाऊनं टोपी काढली. रोडवर एक ट्रक गेला, त्याचा आवाजही गेला.

"शेंडा वर हाय," भाऊ हळूच म्हणाले.

"हो भाऊ. म्हून शेंडेनक्षत्र."

"ऐंशी हजार वर्षाची फेरी?" त्याईनं आचलले इचारलं. "एकाच फेरीले? एवढा लांब रूट कोणत्या डेपोले नसन बाप्पा. अन एकटंच चाललं. ना ड्रायवर, ना पॅसिंजर." थोड्या वेळानं म्हणे, "याच्यानं कोणी मरत नाई. हे बिचारं आपलं टायमावर येऊन जाते. लोकं आपापले मरतात."

मामंजीचा पेढा संपला. "पासष्टात याहून मोठं होतं!" सगळं गाव ऐकन असे ओरडले. "रुख्मिणीनं दाखवलं होतं मले. नवी नवरी. पहाटे उठवलं अन म्हणे, चला, वावरात जाऊन पाहू. लय चांगलं साल होतं ते!"

"तुम्ही तं वाईट म्हणत होते!" मी ओरडली.

"वाईटच होतं. बैल मेला ना. पण लय चांगलं होतं."

आनंदाबाई हासल्या. अंधारात भाऊही हासल्यासारखे वाटले. मले वाटलं, आताच. अंधारात तोंड दिसत नाई, सोपं जाते. मी म्हणलं, "भाऊ, चुकलं."

"काय म्हणलं?"

एवढं एक वेळा म्हणता म्हणता माहं आयुष्य गेलं, अन ह्या माणसानं ऐकलं नाई! मी पुरा जोर लावून म्हणलं, "चुकलं माहं! त्या दिवशी मी जास्तीचं बोलली! चुकलं!"

अन लाईट आले. हायमास्ट थेट माह्या तोंडावर, तोंड उघडंच. रोडच्या पलीकडून पानठेलेवाला वर पाहून राह्यला. मामंजीलेही ऐकू गेलं. म्हणाले, "असू दे व फुला, होते."

भाऊनं टोपी घातली. "बाई, डोकं लहानच हाय माहं. डेपोत टोपी भेटेना, लहान पोराईच्या दुकानातून आणत होतो." मंग आनंदाबाईले म्हणे, "आर्वीले फोन लावून सांगजो, उद्याचं रद्द."

आचल जिन्यात जाऊन बसली. मी पाहाले गेली तं रडत होती. या वेळी कांदा म्हणाली नाई.

दुर्गेश आठ वाजता आला, हेल्मेट हातात. म्हणे मेन लाईनवर फॉल्ट होता, अकरा मिनिटात काढला. मी त्याच्या बापाले तोंडावर सांगितलं, "पोरगा हुशार हाय तुमचा. अकरा मिनिटात कोण काढते आजकाल?" आनंदाबाईनं खोकल्यावाणी केलं. आचलनं वरणाची वाटी सांडली.

चंद्र निघाला, आनंदाबाईनं उपास सोडला. मोदक कमी पडले.

१५६/९६.

२१ ऑक्टोबर, सोमवार

मोजाचं विसरली.

२ नोव्हेंबर, पाडवा
१४६/९०

शेंडेभाऊ पत्रिकेचा नमुना घेऊन आले. चोवीस तारीख धरली. वर गणपती, अन गणपतीच्या बाजूले शेपटीचा तारा छापाले सांगितला. खाली लिहिलंय, 'आमच्या घराण्याच्या नक्षत्राच्या साक्षीने.' आष्टीत आता सगळ्याईले सांगत फिरतात की आमच्या नावाचं आभाळात आहे, झाड्याईच्या नावाचं काई नाई. म्हणलं, छापा. छापता छापता आमचं नाव बरोबर लिहा म्हणजे झालं.

दुर्गेशनं बदली सावंगीकडं मागितली. पोरगी नोकरी तिथंच करन. सुट्टी भेटली की आष्टीले जाईन. म्हणजे तसंच असते. मी नाई काय आली होती इथं.

अनारसे केले, तळताना फुटले. कालवणंच चुकलं असन.

संध्याकाळी मामंजी गच्चीवर नेऊन दे म्हणाले. नेलं. हायमास्ट चालू होता, तरी त्याईनं डोळ्यावर हात धरून बराच वेळ पश्चिमेकडं पाह्यलं. शुक्र होता. बाकी काई नव्हतं.

"शेंडे गेलं काय व फुला?"

"गेलं."

"आता कधी येईन?"

म्हणलं, "तुळशीचं लगन झालं की येतीन. आचलले न्याले."

मामंजीनं कानाले हात लावला. "आँ?"

दुसऱ्यांदा मी नाई सांगितलं.